जावयाचे तीन ग्रह

आजवर आकाशगंगेत जेवढी साम्राज्यं उभी राहिली असतील, त्यांतलं सगळ्यात पाताळयंत्री साम्राज्य भूम गावात, बसस्थानकामागच्या आळीत, लाल प्लास्टिकच्या खुर्चीत बसून चालवलं जातं; आणि ते चालवणाऱ्या बाई माझ्या सख्ख्या सासूबाई आहेत. मी हे रागानं लिहितोय, हे आधीच सांगून टाकतो. ज्या माणसानं त्यांना हा खेळ शिकवला, अगदी माउस कसा धरायचा इथपासून शिकवला, त्याच माणसाचे तीन ग्रह त्यांनी गिळले. तेही त्याला पाटावर बसवून, ताटात तूप वाढता वाढता. एखाद्या वैऱ्यानं केलं असतं तर मी समजून घेतलं असतं.

मी धाराशिवला एका सरकारी कचेरीत नोकरीला आहे आणि गेली बारा वर्षं कॉम्प्युटरवर एक खेळ खेळतो. सुरुवातीला तुम्हाला एक ग्रह मिळतो. तिथून अवकाशयानं पाठवून आजूबाजूच्या ताऱ्यांवर वसाहती करायच्या, शोध लावायचे, आरमार बांधायचं, शेजारच्या राज्यांशी तह करायचे नाहीतर त्यांना बुडवायचं. आपली खेळी खेळायची, इंटरनेटवरून पाठवायची, मग समोरचा त्याच्या सवडीनं त्याची खेळी खेळतो. एकेक डाव दोन-दोन महिने चालतो. या खेळात मला मान होता. हा खेळ खेळणाऱ्या मराठी मंडळींचा फोनवर एक ग्रुप आहे, तिथं नवी माणसं मला सल्ला विचारायची. त्यांच्यासाठी मी चौदा पानांची सूत्रं लिहून काढली होती. मान 'होता' असं मी म्हणतोय, याकडं लक्ष असू द्या.

सासूबाईंना मी मामी म्हणतो. ईटच्या शाळेत त्यांनी जन्मभर शिकवलं, तिथंच मुख्याध्यापिका झाल्या आणि निवृत्त झाल्यावर भूमला येऊन राहिल्या. सासरे फार लवकर गेले, त्यामुळं घरात त्या एकट्याच. दोन वर्षांपूर्वी त्यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि डॉक्टरांनी दीड महिना बसून राहायला सांगितलं. ज्या बाईनं आयुष्यात कधी तास संपायच्या आत खुर्ची धरली नाही, तिला बसून राहा म्हणणं म्हणजे शिक्षाच. माझी बायको वैशाली म्हणाली, "आईला काहीतरी दाखवा हो, नुसती पंख्याकडं बघत बसते." म्हणून मी माझा जुना लॅपटॉप काढला आणि आपला खेळ दाखवला. वाटलं, छान आहे म्हणतील आणि मिटवून ठेवतील. मामींनी चष्मा सारखा केला, पडद्यावरच्या निळ्या ग्रहाकडं बघितलं आणि विचारलं, "हितली माणसं खातात काय?"

मी म्हटलं, "मामी, माणसं नाहीत ती. लोकसंख्या आहे. तो आकडा वाढवत न्यायचा."

"मग त्या आकड्याला खायला नको का?"

मी तोवर दहा वर्षं हा खेळ खेळत होतो आणि धान्याचा तक्ता कुठल्या बटणाखाली आहे, हे मला त्या दिवशी शोधावं लागलं.

पुढच्या आठवड्यात गेलो तर ग्रहांची नावं बदललेली. खेळानं दिलेली चांगली भारदस्त परदेशी नावं पुसून मामींनी तिथं ईट, वालवड, पाथरूड, अंभी अशी भूमच्या आसपासच्या गावांची नावं घातली होती. तोफांचा कारखाना ज्या ग्रहावर होता त्याचं नाव तेरखेडा. "फटाक्यांचं गाव हाय. दारूकाम त्यांच्याच हाताला जमतं," म्हणाल्या. या गोष्टी पोरकट म्हणून मी सोडून दिल्या आणि मोठ्या मनानं माझ्या चौदा पानांची प्रत त्यांच्या हातात ठेवली. ती मला चार दिवसांनी परत मिळाली, लाल शाईनं तपासून. 'युध्द' हा शब्द मी अकरा ठिकाणी चुकीचा लिहिला होता, अकराही ठिकाणी गोल. 'पहिल्या पन्नास खेळ्यांत शेजाऱ्याचा निदान एक ग्रह ताब्यात घ्यावा' या माझ्या गाजलेल्या सूत्राशेजारी समासात एकच शब्द होता: 'का?' आणि शेवटच्या पानावर, 'वीसपैकी नऊ. मेहनत दिसते. विचार दिसत नाही.' मला सांगा, जावयाला कुणी असं लिहून देतं?

त्यांची खेळायची पद्धत बघून कुणाही जाणत्या खेळाडूचं डोकं फिरलं असतं. एका ग्रहावर धान्य, दवाखाना आणि शाळा झाल्याशिवाय त्या दुसऱ्या ग्रहाकडं बघायच्या नाहीत. आरमार म्हणाल तर राखणीपुरतं. केलेला तह मोडायचा नाही, समोरच्यानं मोडला तर मात्र त्याची खैर नाही. एकदा खेळातल्या किड्यांच्या राज्याचा वकील पडद्यावर आला आणि खंडणी द्या नाहीतर चाल करतो म्हणाला. अशा वेळी 'मान्य' किंवा 'अमान्य' एवढं बटण दाबायचं असतं. मामींनी 'अमान्य' दाबलं, पण त्याआधी त्याला चांगलं पाच मिनिटं झापलं. "तोंड बघा मेल्याचं! काल तह केला अन् आज खंडणी मागतो व्हय रे? लाज न्हाई वाटत?" शेजारच्या काकू घाबरून दारात आल्या. "कुणाला बोलताय बाई?" मामी शांतपणे म्हणाल्या, "पलीकडच्या राज्याला." काकूंनी मला बाजूला घेऊन, ऑपरेशनच्या वेळी भूल जास्त दिली होती का, असं हळूच विचारलं.

मग धोंड्याचा महिना आला. अधिक महिन्यात जावई म्हणजे साक्षात देव. त्याला बोलावून पुरणाचे धोंडे खाऊ घालायचे, अनारसे द्यायचे, कपडे करायचे. आम्ही दोघं भूमला गेलो. त्या सुमाराला माझा आणि मामींचा डाव चालू होता, मी खुशीत होतो, कारण माझं आरमार त्यांच्या चौपट होतं. मला पाटावर बसवून मामी म्हणाल्या, "तुमचं जेवण होस्तवर माझी खेळी पाठवून देते." मी सातवा धोंडा तुपात बुडवला आणि फोन वाजला. संदेश होता: 'आपल्या तीन ग्रहांनी शेजारच्या राज्यात सामील होण्याचा निर्णय घेतला आहे.'

"मामी! हे काय?"

"काय झालं? तूप कमी पडलं का?"

"माझे तीन ग्रह घेतले तुम्ही!"

"मी न्हाई घेतले, जावईबापू. त्यांनीच अर्ज केला."

"अर्ज?"

"व्हय. चौदा खेळ्या झाल्या, तुमचं धान्य पोचलं न्हाई तिथं. सगळी यानं तुम्ही लढाईला लावली. उपाशी लेकरं दुसरं काय करतील? माझ्याकडं धान्य पडून व्हतं, मी त्यांना घ्या म्हटलं."

मी वैशालीकडं बघितलं. तिनं नवऱ्याची बाजू घ्यायला पाहिजे होती. ती पदर तोंडाला लावून हसत होती. मग म्हणाली, "ईटला पण असंच झालं होतं. आजूबाजूच्या वस्त्यांवरची पोरं आपापली शाळा सोडून आईच्या शाळेत चालत यायची. तिथले मास्तर भांडायला आले की आई म्हणायची, मी बोलावलं नाही." म्हणजे हे दुखणं जुनं होतं आणि लग्नाच्या वेळी आमच्यापासून लपवून ठेवलं होतं. त्यानंतर मामींनी मला कुंकू लावून टॉवेल-टोपी दिली. तीन ग्रह गमावलेल्या सम्राटानं टॉवेल-टोपी घेऊन सासूच्या पाया पडायचं, हा प्रसंग कुणावर येऊ नये.

मी हे गाऱ्हाणं ग्रुपवर मांडलं. सहानुभूती मिळेल अशी अपेक्षा होती. सगळ्यांचं एकच उत्तर: "त्यांना ग्रुपमध्ये घ्या ना!" घेतलं. महिनाभरात मंडळी त्यांना 'बाई' म्हणायला लागली आणि 'बाईंच्या सूचना' गाजायला लागल्या. 'नवा ग्रह घेण्याआधी जुन्या ग्रहावर एक चक्कर मारावी.' 'शेतीचा शोध आधी, तोफेचा नंतर. तोफ खाता येत नाही.' 'तह मोडायचाच असेल तर आधी कळवावे.' माझी चौदा पानं कुणी उघडेनासं झालं. कहर म्हणजे एका पोरानं त्या सूचना मलाच पाठवल्या आणि खाली लिहिलं, 'सर, वाचून बघा, नवीन खेळाडूंना उपयोगी आहेत.'

तर अशा बाई यंदा दिवाळीनंतर हरायला लागल्या. आधी मी वालवड घेतलं. राखणीचं आरमार त्यांनी भलत्याच ठिकाणी उभं केलं होतं. मग अंभी घेतलं. मग चक्क तेरखेडा! मला आनंद आवरेना, कचेरीत पेढे वाटायचेच बाकी होते. वैशाली म्हणाली, "आई हरतीय? एकदा जाऊन बघा की." मी म्हटलं, हार-जीत चालायचीच. पण त्यानंतरच्या खेळीत मामींनी धान्यानं भरलेली सहा यानं एका विझलेल्या ताऱ्याकडं पाठवली. तिथं कुणीच राहत नव्हतं. मी ती खेळी पुन्हा पुन्हा उघडून बघितली. लढाईत चूक कुणाकडूनही होते. पण जिथं माणूस नाही तिथं मामी धान्य पाठवणार नाहीत. रविवारी सकाळी मी भूमची एसटी धरली.

दार उघडंच होतं. मामी नाक पडद्याला टेकेल इतक्या वाकून बसल्या होत्या, हातात सासऱ्यांचं जुनं भिंग. मी दारात उभा राहिलो. त्यांनी मान वळवून माझ्याकडं बघितलं आणि विचारलं, "कोण?"

"मी, मामी."

"या, जावईबापू, या. आवाज द्यायचा न्हाई का?" आणि भिंग घाईनं पदराखाली गेलं.

मी पडद्याजवळ गेलो. "मामी, यातलं ईट कुठलं?" त्यांनी बोट ठेवलं. बोटाखाली काळं आभाळ होतं, काहीच नव्हतं. ईट चार बोटं बाजूला होतं.

"कधीपासून?" मी विचारलं.

"गौरी-गणपतीपासनं. मधोमध धुरकट दिसतंय. कडंकडंनं दिसतं तसं."

आणि मी ओरडलो. लग्नाला अकरा वर्षं झाली, सासुरवाडीला मी कधी आवाज चढवला नव्हता. एकटं राहता, गॅस पेटवता, सकाळी रस्ता ओलांडून दुधाला जाता, आणि तीन महिने कुणाला सांगत नाही? लेकीला नाही, मला नाही? आम्ही कोण आहोत तुमचे? रोज फोनवर 'बरं हाय' म्हणायला जीभ कशी वळली? शेजारच्या काकू पुन्हा दारात आल्या आणि माझा अवतार बघून परत गेल्या. मामी ऐकत राहिल्या. माझं संपल्यावर म्हणाल्या, "तुम्हाला सांगितलं असतं तर तुम्ही मुद्दाम हरला असता. मला तसलं राज्य नको."

"खेळाचं काय घेऊन बसलात, मामी!"

"शाळा सुटल्यापासनं मला दुसरं कोण विचारतंय, जावईबापू? तिथं लोक विचारतात. बाई, आता काय करू म्हणतात." त्यांनी डोळ्यांना पदर लावला नाही, गुडघ्यावर हात ठेवून उठल्या आणि म्हणाल्या, "वैशालीला माझं मी सांगते. बसा, च्या टाकते." मी त्यांना गॅसजवळ जाऊ दिलं नाही. चहा मी केला. साखर जास्त झाली, आणि त्यांनी तसं सांगितलंही.

सोलापूरच्या डॉक्टरांनी डोळ्यांत इंजेक्शनं सुरू केली. गेलं ते येणार नाही, उरलं ते राखू, असं म्हणाले. आम्ही मामींना धाराशिवला चला म्हणून हात जोडले, त्या ऐकत नाहीत. "ह्या घरात मला हातानं दिसतं," म्हणतात. लढाईत घेतलेले तीन ग्रह मी परत देऊ केले. "लढून गेलेलं परत घेत न्हाईत. द्यायचंच असंल तर त्यांना येळेवर धान्य द्या," असा निरोप आला. आता रोज संध्याकाळी कचेरीतून आलो की मी फोन लावतो. त्यांचा डाव माझ्यापुढं उघडलेला असतो, मी पडदा वाचतो, त्या खेळी सांगतात, मी बटणं दाबतो. त्यानंतर माझी खेळी मी खेळतो. त्यांचं आरमार कुठं आहे, कोठारात काय आहे, उद्या कुठं जाणार, मला सगळं माहीत असतं. त्यांना माझं काहीच माहीत नसतं. तरीही परवा माझ्या आणखी एका ग्रहानं अर्ज केला. तो अर्ज मीच त्यांना वाचून दाखवला आणि त्यांच्या सांगण्यावरून 'मंजूर' मीच दाबलं. यापेक्षा जास्त छळ माणसानं किती सोसायचा?

गेल्या आठवड्यात त्यांच्या यानाला एक नवा ग्रह सापडला. मी नेहमीप्रमाणं हवा, पाणी, खनिज घडाघडा वाचून दाखवलं आणि नाव काय ठेवायचं ते विचारलं. पलीकडून मामी म्हणाल्या, "नाव मग ठेवू. दिसतो कसा, ते सांगा."

मी पडद्याकडं बघितलं. हिरवट गोळा होता, वर ढगांचे दोन पट्टे. एका अंगाला ऊन होतं, दुसरं अंग अंधारात. तेवढं मी सांगितलं.

"अजून?"

अजून काही नव्हतं. मी म्हटलं, "एक नदी आहे."

"कुठनं कुठं जाती?"

"वरच्या डोंगरातनं निघते, मामी," मी म्हणालो, आणि पडद्यावर बोट ठेवून, सावकाश, तिला खालपर्यंत आणायला लागलो.