शेजाऱ्याचं गोगे
पहिली वीट माझ्या नवऱ्याच्या कानशिलावर बसली. रविवारची दुपार होती, आम्ही जर्सी सिटीतल्या आमच्या गल्लीत लाँड्रीचे कपडे घेऊन परत येत होतो. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी तिथे टोळकी आपल्या लोकांच्या मागे लागत. शिव्या, थुंकणं, अंडी फेकणं अंगवळणी पडलं होतं. त्यामुळे मागून "ए हिंदू!" अशी आरोळी आली तेव्हा आम्ही वळूनही पाहिलं नाही.

वीट लागताच नवरा गुडघ्यांवर कोसळला. चौघे होते, विशीतले. एकाने बेसबॉलची बॅट त्याच्या बरगड्यांवर घातली. मी तेव्हा हॉस्पिटलमध्ये रेसिडेन्सी करत होते. हाड मोडल्याचा आवाज मला कळला. मी मध्ये घुसले, तर दुसऱ्याने केस धरून मला फुटपाथवर आपटलं.

आमच्या खालच्या मजल्यावर नायजेरियातल्या कानो शहरातले, हाउसा जमातीचे एक गृहस्थ राहत. पन्नाशीचे, कॉलेजात गणित शिकवत. आपसात आम्ही त्यांना काकाच म्हणायचो. सुट्टीच्या दिवशी ते बिल्डिंगच्या पायऱ्यांवर बसून गोगे वाजवत. अर्धा भोपळा, त्यावर ताणलेलं घोरपडीचं कातडं, लांब दांडा, घोड्याच्या केसांची एकच तार आणि वर फिरवायला गज. आवाज घोगरा, कानाला झोंबणारा. "काका वाजवतात का भांडतात यार?" असं नवरा म्हणायचा.

त्या दुपारीही ते पायऱ्यांवर होते. हातातल्या वाद्यासकट धावत आले. बॅट पुन्हा उगारली गेली तेव्हा त्यांनी गोगेच मध्ये घातलं. भोपळ्याचा चुरा झाला. हातात उरलेला दांडा त्यांनी बॅटवाल्याच्या तोंडावर हाणला. दात पडले. त्यांनी पुन्हा हाणला. दुसऱ्याने बॅट उचलून त्यांचा डावा पंजा ठेचला, तरी ते थांबेनात. अखेर तिघे पळाले. बॅटवाला तोंड धरून तिथेच पडून राहिला.

पोलीस आले. त्यांना दिसला तो रक्ताळलेला दांडा घेतलेला काळा माणूस. काही न विचारता त्यांनी काकांना पालथं पाडलं, मानेवर गुडघा रोवला आणि तो ठेचलेला हात मागे पिरगाळून बेड्या घातल्या. काका किंचाळले.

"त्यांनी आम्हाला वाचवलंय!" मी ओरडले. "त्यांचा हात मोडलाय! मी डॉक्टर आहे!"

"मॅडम, मागे व्हा."

रस्त्याला गाल टेकलेले काका मला म्हणाले, "सिस्टर, माझं राहू दे. नवऱ्याच्या कानातून रक्त येतंय, तिकडे बघ."

मी तिकडे गेले.

नवरा वाचला, पण त्या कानाने त्याला पुन्हा कधी ऐकू आलं नाही. मी आणि समोरच्या दुकानातल्या बाईंनी साक्ष दिल्यावर काकांवरचा आरोप मागे घेतला गेला. बॅटवाला तुरुंगात न जाता प्रोबेशनवर सुटला. बाकीचे सापडलेच नाहीत.

काकांच्या डाव्या हाताची दोन बोटं वाकेनाशी झाली. तार दाबायला तीच लागत. भावाने कानोहून नवं गोगे पाठवलं, ते त्यांनी गुंडाळलेलंच ठेवलं.

"तुम्हाला राग येत नाही?" एकदा पायऱ्यांवर त्यांच्याशेजारी बसून मी विचारलं.

"येतो ना. पण त्याचे दात पडले तेव्हा मला बरं वाटलं होतं, सिस्टर. ते जास्त छळतं."

"मलाही बरं वाटलं होतं," मी म्हणाले.

ते उठले आणि मला आत जायला बिल्डिंगचं दार उघडून दिलं.