मावळतीकडचं यरुशलेम

आई गेली, तिला ठाण्यालाच दफन केलं, आणि मग बाबा तिथून आमच्याकडे अमेरिकेत श्रूजबरीला राहायला आले. आल्या दिवसापासून सकाळ-संध्याकाळ खोलीच्या खिडकीशी उभे राहून, मावळतीकडे तोंड करून ते प्रार्थना करायचे. आम्ही कोकणातले बेने इस्राएल, म्हणजे मराठी ज्यू. पूर्वजांचं जहाज अलिबागजवळ नौगावच्या किनाऱ्याशी फुटलं, पोथ्या बुडाल्या आणि वाचलेल्यांना फक्त एक प्रार्थना पाठ होती, असं आम्ही लहानपणापासून ऐकत आलोय. पुढे ते तेलाचे घाणे चालवायला लागले. शनिवार आमचा विश्रांतीचा वार, घाणा बंद, म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणायचे. कोकणातून यरुशलेम पश्चिमेला, समुद्रापलीकडे. त्यामुळे पिढ्यान्‌पिढ्या आमचं तोंड मावळतीकडे.

श्रूजबरीतून ते पूर्वेला आहे, हे वर्षभर कोणाच्याही डोक्यात आलं नाही. मी इंजिनिअर आहे, हे इथे न सांगितलेलंच बरं. एका संध्याकाळी माझ्या लेकीने सहज फोनवर कंपास लावून बघितला आणि म्हणाली, "आजोबा, यू आर फेसिंग कॅलिफोर्निया."

मला हसू फुटलं. बाबा हसले नाहीत. पलंगाच्या कडेला बसले आणि म्हणाले, "वर्षभर तुझ्या आईच्या नावाने म्हणतोय मी. सगळं पाठ फिरवून म्हटलं."

"देवाला दिशा कळत नाही का, बाबा?"

"त्याला कळते गं. मला कळली नाही."

इथल्या रब्बींना, म्हणजे आमच्या धर्मगुरूंना, विचारलं. ते म्हणाले, मन तिकडे असलं की पुरे. बाबांना ते पटलं नाही. "त्यांचं काय जातंय सांगायला!" म्हणाले. त्यांनी ठरवून टाकलं, एकदा प्रत्यक्ष यरुशलेमला जायचं, तिथल्या जुन्या मंदिराच्या भिंतीला हात लावून आईच्या नावाची प्रार्थना नीट म्हणायची आणि मग डोळे मिटायचे. मी "हो, नेते" म्हटलं. तोवर सोय म्हणून ते पूर्वेकडे वळले. त्यांच्या खोलीत त्या बाजूला बाथरूमचं दार, म्हणून स्वयंपाकघरात उभे राहू लागले. तिथे पूर्वेला फ्रीज. ते उभे असले की दुधाशिवाय चहा घ्यायचा, हा घरातला नियमच झाला.

पण त्या शहराला जाणं म्हणजे काही माथेरानला जाणं नव्हे. जेवताना बाबा लेकीला त्याचा इतिहास सांगायचे. दाविदाने तिथे राजधानी केली, शलमोनाने मंदिर बांधलं, बाबिलोनच्या राजाने ते पाडलं. परत बांधलं, तर रोमनांनी पाडलं. उरली ती आवाराची भिंत. वरच्या त्याच आवारात मुसलमानांची मशीद आणि सोनेरी घुमट. पैगंबर तिथून स्वर्गात जाऊन आले, ही त्यांची श्रद्धा. काही गल्ल्या ओलांडल्या की येशूला क्रुसावर चढवलं आणि पुरलं ती जागा, तिथे चर्च. मग क्रूसेडवाले आले, सलाउद्दीन आला, तुर्क आले, इंग्रज आले. जो आला त्याला वाटलं, आता हे आपलंच. एकदा लेकीने विचारलं, "बट हू ओन्स इट नाऊ?" बाबा भात कालवत होते. "तिथे राहणाऱ्यांना विचार," म्हणाले, "आणि ज्यू-अरब दोघांना विचार. एकालाच विचारलंस तर अर्धंच कळेल."

मला तर तो प्रश्नच नकोसा झाला होता. फोन उघडला की तिथली मेलेली माणसं, दोन्हीकडची, ढिगाऱ्यातली लेकरं. ऑफिसात लंचला कुणीतरी विचारणारच, "यार, तुम्ही ज्यू ना? मग तुमची साइड कुठली?" मी म्हणायचे, "सेंट्रल साइड. ठाणे." लोकलने फिरलेली मंडळी हसायची, बाकीच्यांना समजायचं नाही. मी पुन्हा डबा उघडायचे. चीड यायची आणि ती दाखवायचंही त्राण उरलं नव्हतं.

तिकीट काढलं. तिकडे पेटलं, एअरलाइनने फ्लाइट कॅन्सल केली. शांत झालंसं वाटलं म्हणून परत काढलं, परत कॅन्सल. बाबा दर वेळी बॅग भरायचे आणि दर वेळी स्वतःच रिकामी करायचे. इस्त्रीचे शर्ट कपाटात परत ठेवताना त्यांच्याकडे बघवायचं नाही. त्यांच्यापेक्षा मीच जास्त थकले होते, आणि हे म्हणायची मला लाज वाटायची.

मग विमानं सुरू झाली, आणि दुष्काळात तेरावा महिना म्हणतात तसं बाबांचं हृदय कुरकुरायला लागलं. तपासण्या झाल्यावर डॉक्टरीणबाईंनी मला बाजूला घेऊन सांगितलं, आता लांबचा विमानप्रवास नको. काही महिन्यांनी तरी? नको. मग कधी? आता कधीच नाही, म्हणाल्या.

घरी येताना ड्राइव्ह करता करता मी वाक्यं जुळवत होते. मी एकटी जाईन, भिंतीला हात लावीन, फोनवरून तुम्ही प्रार्थना म्हणा. रब्बींचंही पुन्हा सांगीन. शहराने इतकं सोसलं, आपली प्रार्थना तिथे पोचेलच, असंही एक वाक्य तयार ठेवलं होतं.

बाबा खुर्चीत बसले होते. मी एकेक करून सगळी वाक्यं बोलून टाकली. माझं संपल्यावर ते म्हणाले, "यरुशलेमचं राहू दे. त्याला वाट बघायची सवय आहे."

मला हायसं वाटलं. उठून चहा टाकायला निघाले.

"म्हणजे ठाण्यालाही विमानाने जाता येणार नाही ना आता?"

हे माझ्या मनातच आलं नव्हतं. मी जागीच थांबले आणि "नाही" म्हणाले.

"तिच्या शेजारची जागा मी माझ्यासाठी धरून ठेवली आहे गं," बाबा म्हणाले. "मी येणार, असं तिला सांगून आलो होतो."