पंचनाम्यातला माणूस

नाव : केरू हाशा मोकल. वय : अंदाजे साठ (जन्मनोंद आढळून येत नाही). राहणार : मोठीखार, तालुका पेण. व्यवसाय : खारबांधाच्या उघाडीचा राखणदार. शिक्षण : निरंक. ओळखीची खूण : डाव्या हाताला करंगळी नाही. सदर इसम दिनांक १४ ऑगस्ट १९९६ रोजी झालेल्या नुकसानीस कारणीभूत असल्याचे आढळून आले आहे.

कचेरीच्या फायलीत एवढंच आहे, आणि करंगळीपुरतं ते बरोबर आहे.

उघाडी म्हणजे बांधातलं दार. भरतीला ते लावायचं, ओहोटीला काढायचं. मग पावसाचं पाणी खाडीत जातं आणि खाडीचं शेतात येत नाही. केरूनं हे एकतीस पावसाळे केलं. करंगळी पहिल्याच पावसाळ्यात त्या दारात गेली. भरती रोज पाऊण तास उशिरा येते, त्यामुळे केरूची झोप आणि जेवणही रोज तेवढंच पुढे सरके. बायको जनी म्हणायची, "मोठी सवत खाडी. मी आपली ओहोटीपुरती."

वर्षातलं सगळ्यात मोठं उधाण ओसरलं की तो दाराच्या दगडी खांबावर पाणी पोचलं तिथे पहारीनं एक रेघ मारी. हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं, त्यामुळे कधी चुकलं नाही. सुरुवातीच्या रेघा एकमेकींवर बसल्या होत्या, पुढच्या वर चढत गेल्या. खालच्या रेघेपासून वरच्या रेघेपर्यंत चार बोटं. उजव्या हाताची.

"पानी चढतंय. बांध हातभर उचला," हे त्यानं दर ग्रामसभेत सांगितलं. सरपंच काळुराम म्हणाला, "केरूदादा, पानी नाय चढत. म्हातारपनी तूच खाली बसतोयस." सभा हसली. ठराव झाला नाही.

चौदा ऑगस्टच्या अमावास्येला दार वेळेवर लावलेलं होतं. पाणी दारातून आलंच नाही, बांधाच्या डोक्यावरून आलं, आणि जाताना बांधाची चाळीस हात माती घेऊन गेलं. लावणीचं भात चार दिवसांत पिवळं पडलं. खारं पाणी शिरलेल्या जमिनीत पुढची दोन-तीन वर्षं भाताचं नाव काढायचं नसतं.

पंचनाम्याच्या कागदावर एक ओळ छापलेली असते : नुकसानीचे कारण, नैसर्गिक / मानवी, नको ते खोडावे. नैसर्गिक राहिलं तर सरकार बांध उंच करून देणार आणि केरू उघाडीवर राहणार. मानवी राहिलं तर माणसाचं नाव लिहायचं. आणि उघाडीवर माणूस एकच होता.

केरूचा जावई गोविंदा रोह्याजवळ वरसे गावी राहायचा आणि रोह्याच्या एका कंपनीत बॉयलरवर होता. त्याला वाचायचं व्यसन होतं. डबा गुंडाळलेला पेपरही तो जेवणाआधी वाची. त्यानं हिवाळ्यापासून जपलेलं कात्रण आणलं.

"जगातले शास्त्रज्ञ, मामा. शेकड्यांनी जमले नि एकमत झालं. हवा तापतेय, समुद्र चढतोय. गेल्या शंभर वर्षांत जवळजवळ वीतभर."

"माज्या रेघा बघून गेले काय?"

"नाय. त्यांच्या येगळ्या रेघा हायत."

"शेकड्यांचं एकमत! हितं दोघांचं व्हत नाय." केरूचा चेहरा पहिल्यांदाच उजळला. "नि तापवतंय कोन?"

गोविंदा जरा घुटमळला. "कोळसा, तेल जाळनारे. म्हंजे… मीपन."

"तुमी जावाय हाव म्हनून मी बोलत नाय," जनी आतून म्हणाली.

पंचनाम्याला कचेरीतले साहेब आले. बांधावर चिखल होता म्हणून पंचनामा शाळेत झाला. गोविंदानं कात्रण पुढे ठेवलं. साहेबांनी ते शेवटपर्यंत वाचलं. असं करणारे ते पहिलेच सरकारी गृहस्थ असावेत.

"हवामान बदलतंय त्यात माणसाचा हात दिसतो, असं म्हटलंय."

"व्हय सायेब."

"आणि यावर सगळ्यांचं एकमत आहे?"

"व्हय!" गोविंदा अभिमानानं म्हणाला.

साहेबांनी पट्टी मागवली आणि 'नैसर्गिक' हा शब्द सरळ रेघेत खोडला.

"पन सायेब," गोविंदा उभा राहिला, "मानूस म्हंजे आख्खी दुनिया!"

"इथे एक ओळ आहे. दुनियेचा पत्ता काय लिहू? त्या वेळी उघाडीवर कोण होतं?"

"मी," केरू म्हणाला. "मीच असतो."

कात्रण पुरावा म्हणून फायलीला टाचलं. पाणी चढतंय हे ज्या गावाला एवढ्या वर्षांत पटलं नव्हतं, त्याला माणसाचा हात असल्याचं शास्त्रज्ञांचं म्हणणं एका दुपारी पटलं. "येवढी शिकलेली मानसं खोटं कशाला बोलतील?" काळुराम म्हणाला. केरूकडून पहार जमा करून घेतली. त्या वर्षीची रेघ राहिली.

जनीला घेऊन तो लेकीकडे, वरशाला गेला. तिथे पाणी नळाला यायचं, आणि त्याची वेळ केरूलाही सांगता येत नव्हती.

गावानं बांध पुन्हा घातला, पूर्वीच्याच उंचीचा. उघाडीवर पोपट नावाचा तरणा गडी ठेवला. पुढच्या पावसाळ्यात त्यानं दोन साक्षीदार उभे करून दार लावलं. पाणी केरूच्या सगळ्यात वरच्या रेघेच्याही बोटभर वर आलं आणि बांधावरून आत गेलं. कचेरीनं मागची फाईल काढून पंचनामा उतरवून घेतला. कारण : मानवी. कारणीभूत इसम : केरू हाशा मोकल, करंगळीच्या खुणेसह.

त्या दिवशी केरू वरशाला होता.