पाण्याचं एक वाक्य

सबंध वर्धा जिल्ह्यात माझ्या मावसाजींइतक्या वेळा मेलेला माणूस दुसरा सापडायचा नाही. पस्तीस वर्षं ते सिनेमात आणि टीव्हीवर कामं करत होते, आणि बहुतेक वेळा त्यांचं काम मरण्याचंच असे. कधी दंगलीत, कधी दवाखान्यात, एकदा तर नायकाची गाडी उलटली तेव्हा नुसतेच रस्त्याच्या कडेला. समुद्रपूरच्या घरामागे वांग्यांचं वावर होतं. वांगी तोडणीला आली की मुंबईहून त्यांना नेमकं बोलावणं येई. मग टोपल्या भरून बाजारात नेणारी मावशी, आणि "कलेले येळ-काळ नसते," म्हणत एसटीत चढणारे मावसाजी, हे दृश्य आमच्या घरात सगळ्यांना पाठ होतं.

मरण्यात मात्र त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. रोहण्याला आमचे थोरले काका वारले तेव्हा घरात रडारड चाललेली, आणि हे गृहस्थ मयताजवळ उभे राहून माझ्या कानात म्हणतात, "चेहरा झकास जमला. मान जराशी डावीकडं पायजे होती." मी तोंडाला रुमाल लावून बाहेर पळालो. लोकांना वाटलं, पुतण्याला फार दुःख झालं.

त्यांची भूक एकच होती, पडद्यावर आपला आवाज ऐकू यावा. एका सिनेमात ती वेळ आली. खेडवळ म्हाताऱ्याचं काम, वाक्य एकच: "थोडं पाणी देता का?" त्या वाक्याची तालीम सहा महिने चालली. आम्ही जीप करून हिंगणघाटला सिनेमा पाहायला गेलो. मावसाजींचे ओठ हलले आणि भलत्याच माणसाचा घोटीव आवाज बाहेर आला. खेडवळ म्हाताऱ्याला यांचा आवाज फारच खेडवळ वाटतो, असं म्हणे मुंबईत कुणीतरी ठरवलं. अशा शहाण्यांना वांग्याच्या वावरात दिवसभर उन्हात उभं करावं, असं मला आजही वाटतं. मावशीने अंधारातच विचारलं, "आवाज काऊन दुसऱ्याचा?"

त्यांची सर्वांत मोठी भूमिका मात्र फोटोची. एका मालिकेत नायिकेचे दिवंगत सासरे म्हणून त्यांचा फोटो हार घालून भिंतीवर टांगला. तीन वर्षं रोज संध्याकाळी मावसाजी टीव्हीवर, तेही मेलेले. पहिल्याच आठवड्यात रोहण्याचे पाहुणे पांढरे कपडे घालून, रडत भेटीला आले. दार खुद्द मयतानेच उघडलं आणि मावसाजी आनंदाने ओरडले, "म्हंजे काम जमलं तं!" मावशी आतून तणतणत आली. "तुमचं काम जमलं, पन माह्या कपाळाचं काय?" तिने ती मालिका कधीच लावली नाही.

पुढे सेटवर नवा दिवाणखाना उभारताना मालिकावाल्यांनी तो फोटोही काढून टाकला. बोलावणी थांबली. मावसाजी मला म्हणू लागले, "तुह्या मोबाइलमंदी माहं एक वाक्य तरी घेऊन घे न बे. चांगलं माह्याच आवाजात." मी नागपूरहून चार तासांसाठी येणारा नोकरदार. दर वेळी म्हणायचो, पुढच्या खेपेला निवांत घेऊ. निवांतपणा माझ्याकडे कधी नव्हता, हे त्यांना माहीत होतं आणि मलाही. गेल्या हिवाळ्यात ते गेले, या वेळी खरेच. मान डावीकडे होती.

तेराव्याला मावशीने मालिकेतलाच फोटो भिंतीवर लावला. एकट्याचा चांगला फोटो तेवढाच होता. मी हार पुढे केला तर तिने हात अडवला. "राहू दे. त्याईनं तो जितेपनीच घालून घेतला." मग म्हणाली, "तुह्या मोबाइलमंदी त्याईचा आवाज हाये का रे?"

मी मोबाइल बाहेर काढला नाही. "नाही, मावशी," म्हणालो. मला रडू आलं आणि या वेळी रुमाल सापडला नाही.

ती फोटोकडे पाहत राहिली. "त्या सिनेमातलं पान्याचं वाक्य. घरी तं दिवसातून दहा डाव म्हनत. पानी दे वं थोडं," ती म्हणाली. "मीच म्हनो, हातानं घेऊन घ्या न."