दोन लाइट, एक वाकडं तोंड

चिखलीत आमचा फोटो स्टुडिओ आहे. लग्न, बारसं, साखरपुडा अशी बाहेरची कामं नवरा करतो. दुकानात बसणं, पासपोर्ट फोटो काढणं आणि कॉम्प्युटरवर अल्बम बनवणं माझ्याकडे. गावात म्हणतात, फोटो काढावा तर त्या बाईकडूनच, पण तिच्या तोंडी लागू नये. खरं आहे. मूल रडायला लागलं तर मी खुळखुळा वाजवत बसत नाही, आधी त्याच्या आईला बाहेर काढते. एखाद्याचे डोळे तिरळे असतील तर तिरळे आहेत म्हणून सांगते, मग ते कसे लपतील ते बघते.

आमचे जुने छत्रीचे फ्लॅश थकले होते. शिवाय आता फोटो कोणाला हवा आहे? सगळ्यांना व्हिडिओ हवा, रील हवं, आणि व्हिडिओत फ्लॅशचा काही उपयोग नाही. म्हणून एलईडी घ्यायचे ठरले. जालन्याच्या दुकानदाराने दोन लाइट वापरून बघायला दिले, म्हणाला, पटेल तो ठेवा, दुसरा परत करा. पहिला चौकोनी, पातळ पॅनल. त्यात बारीक बारीक दाणे बसवलेले. वजनाला हलका, बॅटरीवर चालणारा, वीज गेली तरी तेवत राहणारा. दुसरा नळकांड्यासारखा जाड, त्याला एकच मोठा पिवळा डोळा, आणि त्याच्यापुढे पांढऱ्या कापडाची पेटी लावायची. त्याची किंमत पॅनलच्या तिप्पट. खोक्यांवर मात्र दोघांचीही सारखीच फुशारकी, की रंग जसाच्या तसा दिसेल.

खोक्यावरचं वाचून लाइट घेणारी मी नव्हे. मी घरून हळदीकुंकवाचं ताट आणलं आणि टेबलावर ठेवलं. आपल्याकडच्या लग्नात याच दोन रंगांवाचून काही होत नाही. पॅनलखाली हळद हिरवट दिसली आणि कुंकू विटेच्या भुकटीसारखं. अशा उजेडात नवरीला हळद लावली तर ती आजारीच दिसणार. पॅनलचा उजेड कमी केला की व्हिडिओत काळे पट्टे वरून खाली सरकायला लागायचे. पेटीच्या लाइटखाली हळद हळदीसारखी होती आणि कुंकू कुंकवासारखं. पण त्याच्या पोटात पंखा होता. तो घुर्र करायचा आणि माइकमध्ये यायचा. आता फक्त माणसाच्या तोंडावर दोन्ही बघायचे राहिले होते.

त्याच दुपारी दुकानासमोर जीप थांबली. धाड गावाकडच्या एका खेड्यातले बापलेक उतरले. मुलगा पन्नाशीचा, चांगली शेती असलेला. बाप ऐंशीच्या घरातला, नवं धोतर, नवा फेटा, हातात काठी. गेल्या वर्षी त्यांना लकवा मारला होता. तोंडाची डावी बाजू खाली ओघळली होती, डावा डोळा अर्धा मिटलेला, आणि त्या बाजूने लाळ यायची. बोलणं जड झालं होतं, पण लक्ष देऊन ऐकलं तर सगळं समजायचं. डोकं तर आमच्यापेक्षा ठीक होतं.

“ताई, बाबाचा एक चांगला फोटो पाह्यजे. पोरीचं लग्न हाय माह्या,” मुलगा म्हणाला.

म्हातारे खुर्चीत टेकले आणि त्यांनी स्वतःच सगळं सांगून टाकलं. “फोटो सरळ आला, तं स्टेजवर बसवतो म्हणते हा मले.”

मुलाने मोबाइल काढून त्यात डोकं घातलं. मग मान वर न करताच म्हणाला, “तसं नाही बाबा. स्टेजमांगं मोठा पडदा लावून राह्यलो. त्याच्यात एकेकाचं तोंड दरवाजाएवढं दिसते. पोराकडचे लोक पुण्याचे हायेत. कसं दिसते ते पाहू अन् मंग ठरवू.”

म्हणजे म्हाताऱ्यांची परीक्षा होती आणि पेपर मी काढायचा होता. नात त्यांच्याच अंगाखांद्यावर वाढलेली. शाळेसाठी ती बुलढाण्याला जायची, तेव्हा हे तिला सायकलवर एसटीपर्यंत सोडायचे आणि संध्याकाळी आणायला उभे राहायचे. माह्या लग्नात पहिल्या अक्षता आबा टाकतीन, असं ती सगळ्यांना सांगायची. हे त्यांनी मला दोनदा सांगितलं. दुसऱ्यांदा सांगताना लाळ फेट्याच्या लोंबत्या शेवावर पडली आणि मुलाने तोंड फिरवलं.

मी आधी पॅनल लावला. समोरून, सरळ. फोटो स्क्रीनवर घेतला आणि म्हाताऱ्यांना दाखवला. त्या पांढऱ्या उजेडाने काहीच सोडलं नव्हतं. ओघळलेला गाल, उघडा राहिलेला ओठ, त्यावरची ओली रेघ, सगळं चकाकत होतं आणि कातडीला राखेचा रंग आला होता.

“असा दिसतो मी?” त्यांनी विचारलं.

“असेच दिसता, आबाजी,” मी म्हणाले.

मुलगा हसला. म्हातारे हसले नाहीत. त्यांनी उजव्या हाताने डावा ओठ वर उचलून धरला आणि माझ्याकडे पाहिलं, हे चालेल का म्हणून. मी म्हणाले, हात खाली घ्या, हात फोटोत येतो.

पॅनल बाजूला नेऊन बघितला. मग अर्धं तोंड चुन्यासारखं आणि अर्धं कोळशासारखं आलं. शेवटी दुसरा लाइट काढला. त्यांची चांगली बाजू पेटीकडे केली, हनुवटी थोडी वळवली, वाकडी बाजू अलगद सावलीत गेली. फेट्याचा शेव डाव्या गालाशी आणला. “आता बोलू नका. तोंड मिटा, नाकाने श्वास घ्या आणि नातीला आठवा,” मी म्हणाले. कोणाला कशाने ताठ बसवायचं ते या धंद्यात समजतं. डोळ्यात पाणी आलं आणि त्याच क्षणी मी बटण दाबलं.

खोटं कशाला बोलू, तसा फोटो मी त्याआधी काढला नव्हता आणि नंतरही काढला नाही. स्क्रीनवर एक रुबाबदार, करारी म्हातारा बसला होता. पाटीलकी गाजवलेला वाटावा असा. तोंड सरळ. म्हातारे टेबलाला धरून उभे राहिले.

“हा मी व्हय?”

“तुम्हीच.”

“मंग जमलं,” ते मुलाला म्हणाले. “आता बसवशीन ना?”

“पाहू बाबा,” मुलगा म्हणाला, पण त्याचाही चेहरा खुलला होता. “ताई, हाच लाइट ठेवा तुम्ही. ह्याच्यात बाबा माणसात आले.”

मग आशीर्वादाचा व्हिडिओ काढायचा होता, पडद्यावर दाखवायला. म्हाताऱ्यांना एकच वाक्य बोलायचं होतं, सुखी राहा माय. ‘सुखी’ त्यांच्या जिभेवर चढेना. घाम फुटला तरी ते पुन्हा पुन्हा म्हणत राहिले. शेवटी एकदा बऱ्यापैकी आलं. मी ऐकून बघितलं आणि म्हणाले, लाइटच्या पंख्याची घुरघुर येते आहे, आवाज साफ करावा लागेल.

“आवाज कशाले पाह्यजे?” मुलगा म्हणाला. “वरून शहनाई टाकून द्या.”

म्हातारे एकदा त्याच्याकडे आणि एकदा माझ्याकडे बघत राहिले. एवढा वेळ खपून बोललेलं वाक्य कुठे गेलं ते त्यांना समजलं नाही. मी शहनाई टाकली. सस्ता रोए बार बार, महंगा रोए एक बार, असं म्हणून पॅनल जालन्याला परत पाठवला आणि महागाचा लाइट ठेवून घेतला.

दोन-तीन दिवसांनी नवरीचा फोन आला. नात. पुण्यात नोकरी करते, बोलणंही आता तिकडचं झालेलं.

“काकू, आबांचा फोटो काय सुंदर काढलाय तुम्ही. मी तर बघतच राहिले.” मग आवाज खाली आणून म्हणाली, “फॅमिली ग्रुप फोटोत ते नंतर टाकता येतील ना? फोटो काढणाऱ्या आपल्या काकांना सांगा, मधली एक खुर्ची रिकामी ठेवायची. आबांना त्या दिवशी आणत नाही आम्ही.”

“काऊन?” मी विचारलं. राग आला की माझ्या पुस्तकी बोलण्यातून एखादा गावचा शब्द निसटतो.

“अहो, ते बोलायला लागले की बघवत नाही. सासरचे सगळे असणार. आणि फोटो इतका छान आलाय, की आता ते आले काय नि नाही आले काय.”

“बाप आणत नाही म्हणतो का?”

“बाबा आणणार होते हो. फोटो बघून तेच म्हणाले, बसवू म्हणून. मीच नको म्हटलं.”

मी म्हणाले, “मग नवरदेवाचाही फोटोच पाठवायला सांगा. एवढ्या लांबून माणूस कशाला आणता?”

ती हसली. “काकू, तुम्ही पण ना,” म्हणाली आणि फोन ठेवला. वाईट फोटो काढला असता तर म्हाताऱ्यांना मुलाने नाही म्हटलं असतं. चांगला काढला म्हणून नातीने नाही म्हटलं. त्या दिवशी मला स्वतःच्या हाताचा राग आला. पण गिऱ्हाइकाशी भांडून दुकान चालत नाही, आणि ऑर्डर ती ऑर्डर.

लग्नाला मीही गेले. नवा लाइट मीच स्टेजला लावला, ज्या बाजूने म्हाताऱ्यांना लावला होता त्याच बाजूने, म्हणजे नंतर सावल्या जुळवायला त्रास नको. घरच्यांच्या फोटोची वेळ आली. दोन रांगा झाल्या, पुढच्या रांगेत मधोमध एक खुर्ची रिकामी. नवरदेवाची कोणी आत्या दमून तिच्यावर बसायला लागली, तर नवरीच्या बापाने तिला अडवलं.

“तिथी नका बसू. तिथी आबा हायेत.”

आत्याने खुर्चीकडे पाहिलं, मग त्याच्याकडे, आणि मुकाट बाजूला झाली. सगळे कॅमेऱ्याकडे बघून हसले. मागच्या पडद्यावर म्हातारे दरवाजाएवढे दिसत होते. ओठ हलत होते आणि शहनाई वाजत होती. पुण्याच्या एका बाईने शेजारणीला म्हटलेलं मी ऐकलं, “आजोबा किती ग्रेसफुल आहेत.”

अल्बमचं काम मी नीट केलं. फेट्याच्या कडा, खुर्चीवर पडणारी सावली, शेजारच्या साडीचा लाल रंग गालावर जरासा, सगळं जुळवलं. म्हातारे तिथे नव्हते हे कोणाला सांगितलं असतं तरी पटलं नसतं. अल्बम गेला आणि सगळे खूश झाले. गरज सरो, वैद्य मरो, एवढं तरी त्यांनी केलं नाही. मला पेढे पाठवले.

मग एके दिवशी म्हातारे एकटेच आले. गावच्या जीपवाल्याने चिखलीत दवाखान्याला म्हणून आणलं होतं. पण त्यांनी जीप आमच्या दुकानापुढे थांबवली. मी खुर्ची दिली. ते बराच वेळ दम खात बसले.

“अल्बम पाह्यला,” ते म्हणाले. “म्या लगन पाह्यलं नाही, पण अल्बमात हावो मी.”

मी त्यांच्यापुढे पाण्याचा ग्लास ठेवला.

“त्या दिवशी सारे पहिल्या गाड्यांनी गेले. मले म्हणे, मागून गाडी येते तुमच्यासाठी. मी फेटा बांधून ओट्यावर बसलो. ऊन फिरलं, दिवस गेला.” त्यांनी रुमालाने डावा ओठ पुसला. “पोराचं काही वाटत नाही मले. तो पहिल्यापासून तसाच हाय, लोकाले भेते. पण नात तशी नाही. तिनं इचारलं असंन, आबा कुठी हायेत म्हणून. हाव ना? तू होती तिथी. लय रडली असंन पोरगी.”

आणि ते हसले. अर्धं तोंड वर गेलं, अर्धं जागेवर राहिलं. त्या हसण्यात नातीवरचा एवढा भरवसा होता की माझं डोकं फिरलं. सगळ्यांनी मिळून या माणसाला येडं बनवलं, दोष सगळा पोराच्या माथी गेला, आणि हा अजून त्या मुलीचे गोडवे गातो आहे. निदान शिव्या तरी योग्य माणसाला द्याव्यात.

“नाही आबाजी,” मी म्हणाले. “तुमचा मुलगा तुम्हाला आणणार होता. नातीनेच नको म्हटलं. खुर्ची रिकामी ठेवायला तिनेच मला फोन केला होता. ती रडली नाही. तुमच्याबद्दल कोणीच विचारलं नाही.”

त्यांचं हसणं लगेच गेलं नाही. लकव्याच्या माणसाचा चेहरा हळू बदलतो. मी बघत होते, आधी डोळा विझला, मग चांगला गालही दुसऱ्या गालासारखा खाली आला. बाहेर जीपवाल्याने हॉर्न दिला. म्हातारे काठीवर जोर देऊन उठले. मी धरायला गेले तर त्यांनी कोपर सोडवून घेतलं. दारापर्यंत गेल्यावर ते थांबले आणि एकेक शब्द जुळवत, नीट ऐकू येईल असं बोलले.

“माहं तोंड सरळ करता आलं तुले. एवढंसं खोटं नाही बोलता आलं?”