खिडकीतून टाकलेला रुमाल

बीड जिल्ह्यात आरक्षणाविषयी मत नसलेला माणूस एखाद वेळ सापडेल, पण आमच्या साडूंचं मत ज्यानं ऐकलेलं नाही असा माणूस सापडणं कठीण. साडू म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. शिवाय तालुक्याच्या ज्या सरकारी ऑफिसात मी जन्म काढला तिथले ते हेडक्लार्क. म्हणजे दिवसभर समोरच्या टेबलावर ते आणि सणावाराला शेजारच्या पाटावरही तेच. त्यांचं मत एका शब्दात मावायचं : मेरिट. चहा पातळ झाला की 'मेरिटच राह्यलं न्हाई', लाईट गेली की 'वायरमन कोट्यातला दिसतोय', आणि हवामानखात्यानं सांगितलेला पाऊस पडला नाही की 'मी म्हणलो न्हवतो का?' एकदा सासुरवाडीच्या लग्नात वरणात मीठ जास्त झालं, तर हे भरल्या पंगतीत आचाऱ्याची जात विचारायला निघाले. आचारी त्यांचाच चुलत मामा निघाला, तेव्हा म्हणाले, 'व्हतं एखाद्या टायमाला. एवढ्या मान्सांचा सैपाक हाय.'

स्वतः साडू अनुकंपावर लागलेले. त्यांचे वडील याच खात्यात कारकून होते, नोकरीत असतानाच गेले, आणि दहावीला दुसऱ्या खेपेस पास झालेले आमचे साडू जाहिरात नाही, परीक्षा नाही, सरळ येऊन खुर्चीवर बसले. हा विषय मी एकदाच, फार जपून काढला. ते जराही गडबडले नाहीत. 'ते येगळं हाय, साडूभाऊ,' ते म्हणाले. 'ते वडलांचं मेरिट. ते गेले, मेरिट मागं राह्यलं. ते कावून वाया घालवायचं?'

पण त्यांचं खरं दर्शन घ्यायचं तर एसटी स्टँडवर. तलवाडा त्यांचं गाव. शनिवारी ऑफिस नसलं की शुक्रवारी संध्याकाळची गाडी. गाडी फलाटाला लागायच्या आत साडू तिच्या बाजूनं पळू लागायचे, आणि पोट सांभाळत, चप्पल सांभाळत, डाव्या हाताच्या तिसऱ्या खिडकीतून आपला चौकड्याचा रुमाल आत टाकायचे. मग अगदी शेवटी, सगळी धक्काबुक्की संपल्यावर, रुबाबात चढायचे. एकदा कॉलेजातला एक पोरगा त्या रुमालावर बसला. 'रुमाल दिसला न्हाई का बे?' साडू कडाडले. पोरगा म्हणाला, 'काका, मी आदी चढलो. तुमी तर आत्ता आले.' साडू म्हणाले, 'मी न्हाई आलो, पन माझा रुमाल कवाच आलाय!' पोरगा बिचारा उठला. साडूंनी रुमाल झटकला, बसले, आणि गाव येईपर्यंत त्या उभ्या पोराला समजावत राहिले की जागा आधीपासून धरून ठेवायच्या पद्धतीनं या देशाचं कसं वाटोळं झालं. त्यांच्या डोक्यावर 'महिलांसाठी राखीव' अशी पाटी होती.

ऑफिसात कुणी नवीन हजर व्हायला आलं की नेमणुकीचा कागद आधी साडूंपुढे यायचा. चष्मा कपाळावर सारून ते कागद सोडून माणसाकडेच बघायचे आणि विचारायचे, 'कोट्यातून का?' मस्टरमध्ये नाव चढवताना, ज्याला त्यांनी कोट्यातला ठरवलं त्याच्या नावापुढे पेन्सिलीनं एक बारीक टिंब द्यायचे. या टिंबाला सरकारी अर्थ काही नव्हता. कितीतरी साहेब बदलून आले नि गेले, एकानंही त्याविषयी विचारलं नाही. मी विचारलं तेव्हा म्हणाले, 'आपल्याला म्हाईत असावं, बस.'

वाघमारे मॅडम हजर झाल्या तो दिवस मला चांगला आठवतो. बरोबर त्यांचे वडील होते. धुतलेला पांढरा सदरा, हातात पेढ्यांचा बॉक्स. आत यावं की येऊ नये हे न कळून दारातच उभे राहिलेले. साडूंनी चष्मा वर सारून मॅडमकडे बघितलं. 'कोट्यातून का?'

'जी, साहेब.'

'दिसतंच हाय,' असं म्हणून साडूंनी टिंब दिलं, आणि सगळ्या खोलीत हशा पिकला. मीही हसलो. नात्यानं मोठा आणि हुद्द्यानंही मोठा असा माणूस विनोद करतो तेव्हा हसू फार विचार न करता येतं. पेढे आम्ही सगळ्यांनी खाल्ले. साडूंनी मात्र आपला पेढा कागदात गुंडाळून बाजूला ठेवला, शुगर आहे म्हणाले. त्यांना शुगर नव्हती.

पुढे कॉम्प्युटर आले, ऑनलाइन आलं, आणि साडूंचा अंमल आणखी वाढला. कोट्यातल्या माणसांना काम येत नाही हे त्यांचं ठाम मत, आणि म्हणून ऑफिसातलं झाडून सगळं काम ते वाघमारे मॅडमना द्यायचे. 'शिकू द्या,' म्हणायचे. स्वतःचा पासवर्डसुद्धा त्यांना ठाऊक नव्हता, तो मॅडमना ठाऊक होता. मॅडम टाईप करायच्या, साडू मागं उभं राहून चुका शोधायचे, आणि एकही सापडली नाही की 'जरा हळू करत जा' असं सुनावायचे. मॅडम 'जी, साहेब' म्हणायच्या. त्या वेगळं काही म्हणाल्याचं मी ऐकलं नाही.

साडूंना एकच लेक, प्रतीक्षा. पोरगी हुशार, आणि बापानं तिला बाळघुटीत मेरिट पाजलेलं. तिनं कारकुनाच्या भरतीची परीक्षा दिली आणि दोन मार्कांनी राहिली. साडू आठ दिवस जेवताना बोलले नाहीत. घरात सर्वांत मोठा आवाज त्यांचा, त्यामुळे ते घर किती गप्प झालं असेल याची कल्पना करा. पोरगी खोलीचं दार लावून बसायची आणि हे दाराबाहेर येरझाऱ्या घालायचे.

त्याच दिवसांत जुन्या दप्तरांतून कुणबी नोंदी शोधायची धामधूम सुरू झाली. जिल्हाभर जो तो पणजोबाचं नाव आठवू लागला. आमचे साडू म्हणजे शहाण्णव कुळी. पुतण्याला सांगून आलेली एक चांगली मुलगी, तिच्या घरच्या दाखल्यावर कुणबी लिहिलंय एवढ्यावरून यांनी परत पाठवली होती. तेच साडू एका सकाळी रेकॉर्ड रूमच्या दाराशी शिपाई यायच्या आधी हजर! मी नुसतं बघितलं त्यांच्याकडे. 'बघता काय?' ते म्हणाले. 'ही सवलत न्हाई, साडूभाऊ. ही कागदाची दुरुस्ती हाय.'

दप्तर निघालं, पण काही कागद उर्दूत, काही मोडीत. साडू दोन दिवस ते कागद सुलटे-उलटे धरून बघत होते. ऑफिसात मोडी एकाच माणसाला वाचता येत होती. वाघमारे मॅडमनी कॉलेजात इतिहास घेतला होता आणि हौसेनं मोडीचा वर्ग केला होता. जेवणाच्या सुट्टीत डबा बाजूला ठेवून त्या धुळीत बसायच्या. पाचव्या दिवशी तलवाड्याच्या एका जमिनीच्या कागदावर त्यांनी बोट ठेवलं. साडूंच्या पणजोबांचं नाव, आणि त्यापुढे 'कुणबी'. साडूंनी तीन वेळा वाचून घेतलं. दुसऱ्या दिवशी ऑफिसात पेढे वाटताना मॅडमच्या टेबलापाशी थांबून म्हणाले, 'लई मेहनती हाव तुमी, मॅडम. कोट्यातल्या असून.' मॅडमनी पेढा घेतला आणि तिथंच खाल्ला. माझीही नोंद त्याच दप्तरात निघाली, पण मी पेढे वाटले नाहीत. काही गोष्टी आपल्याला माहीत असाव्यात, बस.

प्रमाणपत्र झालं, पडताळणी झाली, पुढच्या खेपेला पोरगी निवडली गेली. शेजारच्या जिल्ह्यातल्या एका ऑफिसात नेमणूक मिळाली. हजर करायला साडूंनी मलाही नेलं. कडक इस्त्रीचा पांढरा सदरा, हातात पेढ्यांचा मोठा बॉक्स. रस्ताभर ते कंडक्टरलाही सांगत होते, पोरगी साहेब झाली म्हणून. ऑफिसात पोरगी आत गेली. आम्ही दोघं दाराशीच थांबलो, कारण आत या असं कुणी म्हणालं नाही. टेबलामागच्या माणसानं कागद हातात घेतला, पण वाचला नाही. त्यानं प्रतीक्षाकडे बघितलं आणि मोठ्यानं विचारलं, 'कोट्यातून का?'

'हो, सर,' पोरगी म्हणाली.

आतमध्ये दोघंतिघं हसले. मी साडूंकडे पाहिलं नाही, मला ते जमलं नाही. ते पुढे झाले, पेढ्यांचा बॉक्स टेबलावर ठेवला, त्या माणसाला वाकून नमस्कार केला आणि बाहेर आले. पोरीला मैत्रिणीच्या खोलीवर सोडून आम्ही स्टँडवर आलो. गाडी लागली, लोक पळाले, साडू जागचे हलले नाहीत. रुमाल त्यांच्या हातातच होता. निम्मी वाट आम्ही उभ्यानं आलो. मध्येच पोरीचा फोन आला. गाडीच्या आवाजामुळे ती ओरडून बोलत होती, म्हणून मलाही ऐकू आलं. 'अप्पा, काळजी करू नका. समदे लई चांगले हायेत इथं.' साडू म्हणाले, 'व्हय व्हय. मी बघितलं की. चांगली मान्सं वाटली.' मग त्यांनी रुमालानं तोंड पुसलं. तीस वर्षं ज्या माणसाची मी मनातल्या मनात टिंगल केली, त्याच्यासाठी त्या दिवशी माझा जीव तुटला.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात ते बराच वेळ फाईल न उघडता बसले होते. मग उठून वाघमारे मॅडमच्या टेबलापाशी गेले. 'मॅडम, तुमी हजर व्हायला आलतात, तवा तुमचे वडील दारात उभे व्हते.'

'जी, साहेब.'

'मी बोललो ते त्यांनी ऐकलं असंल का हो?'

मॅडमनी टाईप करणं थांबवलं. 'ऐकलं की, साहेब. दारातच तर व्हते.' मग म्हणाल्या, 'घरी जाताना मला म्हणले, तुझे साहेब लई चांगले वाटले, पोरी. मी बी म्हणलं, व्हय दादा, लई चांगले हायेत.'

साडू मागं वळले. जागेवर येऊन बसले, मस्टर पुढे ओढलं आणि ड्रॉवर उघडून काहीतरी शोधू लागले. वरचा खण झाला, खालचा झाला. 'खोडरबर हाय का कुणाकडं?' त्यांनी विचारलं. इतक्या वर्षांत त्यांना ते कधी लागलं नव्हतं. माझ्या ड्रॉवरमध्ये होतं, पण का कुणास ठाऊक, माझा हात पुढे झाला नाही. शेवटी वाघमारे मॅडमच उठल्या आणि आपलं त्यांच्यापुढे ठेवून गेल्या.