यानिनाबाईंनी न सांगितलेलं नाव

शिकागोच्या उत्तरेच्या एका उपनगरात वृद्धांचं नर्सिंग होम होतं. १९८३ साली मी तिथे फिजिओथेरपिस्ट म्हणून लागले. पहिल्याच आठवड्यात लिफ्टमध्ये एक उंच, गोऱ्या, जाड भिंगांचा चष्मा लावलेल्या बाई भेटल्या. युनिफॉर्मवरून त्या नर्सिंग एड असाव्यात, म्हणजे म्हाताऱ्यांना आंघोळ घालणाऱ्या, भरवणाऱ्या. त्यांनी माझ्या नावाची पट्टी वाचली, 'मीरा मेश्राम', आणि म्हणाल्या, "काय गं, बरं हाय का?"

मला आधी भासच वाटला. मग त्या इंग्रजीत म्हणाल्या, "चुकलं असेल. पस्तीस वर्षं झाली बोलून."

या यानिनाबाई. पोलंडच्या पूर्वेकडच्या एका खेड्यात जन्मल्या, वडील सरकारी जंगलखात्यात. महायुद्ध सुरू झालं तेव्हा पश्चिमेकडून जर्मन आले आणि पूर्वेकडून रशियन. १९४०च्या फेब्रुवारीत रशियन सैनिकांनी या कुटुंबाला गुरांच्या डब्यात कोंबून सैबेरियात पाठवलं. तिथल्या लाकूडतोडीत वडील गेले. पुढे जर्मनीनं रशियावर हल्ला केला आणि पोलिश कैद्यांची सुटका झाली, तेव्हा आई इराणपर्यंत पोचली आणि तिथे टायफसनं गेली. यानिना आणि तिचा धाकटा भाऊ तादेउश बोटीनं हिंदुस्थानात आले आणि कोल्हापूरजवळ वळिवड्याला पोलिश निर्वासितांची जी मोठी छावणी होती तिथे राहिले. चौदाव्या वर्षी आली ती पोर अठराव्या वर्षी तिथून निघाली. नंतर इंग्लंड, मग भावाबरोबरच शिकागो, लग्न, एक मुलगा, नवऱ्याचं आजारपण, वैधव्य. हे सगळं त्यांनी मला जेवणाच्या सुट्टीत तुकड्यातुकड्यांनी सांगितलं, पाय समोरच्या खुर्चीवर ठेवून. त्यांचे गुडघे कायम सुजलेले असत.

"वळिवड्याला आम्ही पहिल्यांदा पोटभर जेवलो," त्या म्हणायच्या. "बाकी आयुष्यात कुठं काय झालं ते मला विचारू नकोस. दमले मी ते सांगून."

आमच्या होममध्ये बरेच ज्यू होते. त्या भागात युरोपातून जीव वाचवून आलेल्यांची मोठी वस्ती होती. १९८४च्या वसंतात शिमॉन रोझेन नावाचे गृहस्थ दाखल झाले. सत्तरीचे, एके काळी घड्याळं दुरुस्त करणारे. अर्धांगाच्या झटक्यानं उजवी बाजू गेली होती आणि त्याबरोबर इंग्रजीही गेली होती. पस्तीस वर्षं बोललेली भाषा साफ पुसली गेली. त्यांची मुलगी रूथ शाळेत शिकवायची. ती समोर बसून बोलायची आणि ते नुसतं बघत राहायचे. तोंडातून काही आवाज यायचे, पण कुणाला त्यांचा अर्थ लागत नव्हता.

एके दिवशी मी त्यांचा हात हलवून घेत होते आणि यानिनाबाई चादर बदलत होत्या. ते पुन्हा तसंच काही पुटपुटले. यानिनाबाई थांबल्या.

"पाणी मागतायत," त्या म्हणाल्या.

"तुम्हाला कसं कळलं?"

"पोलिश आहे ते."

त्यांनी पेला भरून पोलिशमध्ये काहीतरी विचारलं. शिमॉनकाकांनी मान झटकन वळवली. बराच वेळ बघत राहिले. मग अडखळत, एकेक शब्द ओढून काढावा तसं काही बोलले आणि तोंड भिंतीकडे केलं. पाणी प्यायले नाहीत.

बाहेर आल्यावर मी विचारलं, काय म्हणाले?

"म्हणाले, ही भाषा पुन्हा ऐकू नये म्हणून मी समुद्र ओलांडला."

डॉक्टर म्हणाले, असं होतं कधीकधी, मागून शिकलेली भाषा जाते आणि लहानपणची उरते. लहानपणी त्यांच्या घरी पोलिशच बोलत, वडील शाळामास्तर होते. बायकोशी यिद्दिश बोलायचे, पण ती केव्हाच वारली होती. मुलीला त्यांनी पोलिशचा एक शब्द शिकवला नव्हता. आता त्यांच्याशी बोलू शकेल असं आख्ख्या इमारतीत एकच माणूस होतं.

रूथला हे कळलं तेव्हा ती आमच्या सुपरवायझरकडे गेली. दार उघडंच होतं. "माझ्या वडिलांजवळ पोलिश बाई नको," ती म्हणाली. "युद्धातून जिवंत राहून ते आपल्या गावी परतले तेव्हा त्यांच्या घरात शेजारी राहत होते. शेजाऱ्यांनी दार उघडलं नाही. पुढच्या वर्षी किएल्त्से शहरात परतलेल्या ज्यूंना जमावानं ठार मारलं. त्यात जर्मन नव्हते. पोलिश होते."

यानिनाबाई कॉरिडॉरमध्ये टॉवेलांच्या घड्या घालत होत्या. त्यांना सगळं ऐकू गेलं.

"खरं आहे ते," त्या मला म्हणाल्या. "तेव्हा मी कोल्हापुरात केळी खात होते. पण खरं आहे."

"मग तुम्ही तिला सांगा ना, तुम्ही तिथे नव्हता म्हणून."

"काय सांगू? घरी गेले की तादेउश सांगतो, रशियन आले तेव्हा ज्यूंनी त्यांना फुलं दिली आणि आपल्याला डब्यात भरलं. त्याला सांगते, फुलं देणारी दहा-बारा पोरं होती, मी बघितली. आणि सहा महिन्यांनी ज्यूंना भरून आणलेल्या गाड्या सैबेरियात आपल्याच छावणीत आल्या नव्हत्या का? आपल्याच शेजारी मेले नाहीत का? तो म्हणतो, तू त्यांचं मीठ खातेस म्हणून असं बोलतेस. आता इथे हिला तादेउशची बाजू सांगू, की तिथे त्याला हिची? कंटाळा आलाय मला, मीरा."

बदली माणूस मिळालं नाही. यानिनाबाईच जात राहिल्या. त्या जरुरीपुरतंच बोलायच्या: कूस बदला, तोंड उघडा, गरम आहे. ते उत्तर द्यायचे नाहीत. पण माणसाला बोलल्याशिवाय राहवत नाही. उन्हाळा संपेपर्यंत दोघांचं बोलणं माझ्या कानावर पडायला लागलं. पोलिशमध्ये बाईला 'पानी' म्हणतात; ते त्यांना 'पानी यानिना' म्हणायला लागले तेव्हा मला उगाच हसू यायचं. रूथही आता काही विचारायचं असलं की वडिलांशेजारी बसायची आणि यानिनाबाई पलंगाच्या पायथ्याशी उभ्या राहून इकडचं तिकडे करायच्या. कधी त्या उत्तरात यानिनाबाईंच्याच लोकांना शिव्या असत. त्याही त्या जशाच्या तशा इंग्रजीत सांगायच्या, आवाज न बदलता.

त्या वर्षीच्या हिवाळ्यात शिमॉनकाकांनी रूथ नसताना त्यांना एक गोष्ट सांगितली. मी तिथेच त्यांचा पाय हलवून घेत होते. मला ती नंतर यानिनाबाईंकडून कळली. त्यांच्या गावाबाहेर एक पोलिश विधवा राहायची. तिनं त्यांना गोठ्याखाली बटाटे साठवायच्या खड्ड्यात दोन हिवाळे लपवलं. युद्ध संपल्यावर निरोप घ्यायला गेले तर ती त्यांच्या पाया पडली. तिनं एकच मागणं मागितलं: 'मी तुला ठेवलं होतं हे कुणाला सांगू नकोस. गावाला कळलं तर म्हणतील हिच्याकडे ज्यूंचं सोनं आहे. घर जाळतील.' यांनी शब्द दिला. बायकोला सांगितलं नाही, मुलीला सांगितलं नाही. शेजाऱ्यांचं बंद दार तेवढं सांगितलं, आणि रूथ त्याच दारासमोर लहानाची मोठी झाली.

माझी आजी सांगायची, आमच्या गावात पाटलांच्या घरची एक सून तिला परसदारातून ताक घालायची, आणि प्रत्येक वेळी म्हणायची, 'सांगू नको हो कुणाला.' आजीला ते ताक आठवायचं आणि त्या बाईची भीतीही. मी हे यानिनाबाईंना सांगितलं.

शिमॉनकाकांना फक्त एवढंच हवं होतं की ती बाई कशी आहे ते कळावं. यानिनाबाईंची एक मावसबहीण पोलंडमध्ये होती आणि १९८५च्या उन्हाळ्यात त्या तिला भेटायला जाणारच होत्या. लष्करी कायदा उठून दोन वर्षं झाली होती, तरी दुकानांत मटण रेशनवरच होतं, माणसं फोनवर जपून बोलायची. मावसबहिणीकडून ट्रेन, मग बस, मग पायी, अशा त्या सुजलेल्या गुडघ्यांनी शिमॉनकाकांच्या गावी पोचल्या.

विधवा बारा वर्षांपूर्वी वारली होती. घरात तिची मुलगी होती, पन्नाशीची. यानिनाबाईंनी फाटकाशी उभं राहून हळूच शिमॉनकाकांचं नाव घेतलं. त्या बाईचा चेहरा पांढरा पडला. तिनं आधी रस्त्याकडे पाहिलं, दोन्ही बाजूंना.

"कोण बोललं तुम्हाला?"

"ते स्वतः. जिवंत आहेत. आभार मानायचेत त्यांना."

"आभार नकोत. माझ्या सासरच्यांना माहीत नाही. शेजारी अजून म्हणतात, यांच्या छपराला पत्रा कुठून आला. तुम्ही जा. आईचं नाव कुठे घेऊ नका. हात जोडते."

एवढं बोलून ती आत गेली. मग परत बाहेर आली, फाटकावरून एका पिशवीत थोडी चेरी दिली आणि म्हणाली, "म्हाताऱ्याला सांगा, आई शेवटपर्यंत त्याची आठवण काढायची. घरात, दार लावून."

यानिनाबाईंनी हे शिमॉनकाकांना सांगितलं तेव्हा मी खोलीत होते. काही गोड करून सांगावं असा विचार त्यांनी केला असेल तर मला दिसला नाही. ते ऐकत राहिले. शेवटी पोलिशमध्ये दोन शब्द बोलले.

"काय म्हणाले?"

"'अजूनही?' एवढंच म्हणाले."

पुढचं दीड वर्ष ते जगले. १९८७च्या सुरुवातीला न्यूमोनियानं गेले. शेवटच्या दिवसांत त्यांनी स्वतःच रूथला यानिनाबाईंच्या तोंडून त्या विधवेची गोष्ट सांगायला लावली, पण नाव सांगितलं नाही. दफन झाल्यावर आठवड्याभरानं रूथ होममध्ये आली. मी आणि यानिनाबाई कॅन्टीनमध्ये बसलो होतो.

"मला तिचं नाव हवंय," रूथ म्हणाली. "जेरुसलेममध्ये ज्यूंना वाचवणाऱ्यांची नावं कोरतात. तिचं नाव तिथे हवं."

"मी देऊ शकत नाही."

"तुम्हाला माहीत आहे ना?"

"माहीत आहे."

"मग? तुम्ही तुमच्या लोकांना पाठीशी घालताय. गावाची अब्रू वाचवताय."

"गावाचं मला काही देणंघेणं नाही," यानिनाबाई म्हणाल्या. "तिची मुलगी त्या गावात राहते. तिनं हात जोडले माझ्यासमोर. तुमच्या वडिलांनी चाळीस वर्षं शब्द पाळला, मी दोन वर्षांत मोडू?"

रूथ उठली. "म्हणजे चांगलं माणूससुद्धा तुम्ही लपवूनच ठेवणार," असं म्हणून निघून गेली.

यानिनाबाईंनी चहा संपवला. "ती चुकीचं बोलत नाही," त्या म्हणाल्या. "मी पण नाही. आता काय करायचं?"

तादेउशनं ऐकलं तेव्हा त्याला आनंद झाला, बहिणीनं त्या ज्यू बाईचं तोंड बरं बंद केलं म्हणाला. त्यावर त्या त्याच्याशी महिनाभर बोलल्या नाहीत.

दोन वर्षं रूथचं काही कळलं नाही. १९८९च्या उन्हाळ्यात पोलंडमध्ये निवडणुका झाल्या, कम्युनिस्ट हरले, टीव्हीवर तेच चाललं होतं. त्या शरद ऋतूत ती एक दिवस जेवणाच्या वेळी आली. केस बरेच पिकले होते.

"आता तिथे सगळं बदललंय," ती म्हणाली. "पुन्हा विचाराल?"

"विचारलं," यानिनाबाई म्हणाल्या. "मावसबहिणीला पाठवलं होतं मागच्याच महिन्यात. ती मुलगी नाहीच म्हणाली. राज्य बदललं, शेजारी तेच आहेत."

रूथ भांडली नाही. पर्स मांडीवर घेऊन बसून राहिली. मग म्हणाली, "नाव नको. ती कशी होती ते तरी सांगा. बाबांनी तुम्हाला सांगितलं असेल."

यानिनाबाईंनी सांगितलं. बाई बुटकी होती, एका पायानं लंगडायची. खड्ड्यातून खोकल्याचा आवाज आला की ती गाईवर मोठ्यानं ओरडायची, म्हणून गावात तिला भांडखोर समजत. नाताळात तिनं त्यांना खसखशीची पोळी खाली सोडली होती. रागीट होती, कंजूष होती, देवभोळी होती. शिमॉनकाकांना येशूची प्रार्थना म्हणायला लावायची आणि ते म्हणत नाहीत म्हणून दोन दिवस बोलायची नाही. जेवण मात्र द्यायची.

रूथ पहिल्यांदाच हसली, आणि हसता हसता रडायला लागली. यानिनाबाईंनी तिच्या पाठीवर हात ठेवला नाही. टेबलावरचा नॅपकिन तेवढा तिच्याकडे सरकवला.

थोड्या वेळानं त्या टेबलाचा आधार घेत उठल्या. दुसऱ्या मजल्यावर एका आजींना भरवायचं राहिलं होतं. रूथ म्हणाली, "मी येत जाऊ का अधूनमधून?"

"सोमवारी नको," यानिनाबाई म्हणाल्या. "सोमवारी माझे पाय फार दुखतात." आणि लिफ्टकडे निघाल्या.